दोन प्रवेशांमधले काही सेकंद

१४ जुलै १९३०च्या दुपारी लंडनच्या लाँग एकर रस्त्यावर, एका अंधाऱ्या खोलीत लुइजी पिरांदेल्लोची एक छोटी एकांकिका सुरू झाली. नाव ‘द मॅन विथ द फ्लॉवर इन हिज माउथ’. रात्रीच्या कॅफेत दोन माणसं बोलत बसली आहेत आणि त्यांतल्या एकाचं मरण जवळ आलं आहे, एवढंच तिचं कथानक. बीबीसी आणि जॉन लॉगी बेअर्ड यांची कंपनी यांनी मिळून ती प्रक्षेपित केली. ब्रिटनमधलं टेलिव्हिजनवरचं पहिलं नाटक म्हणून तिची नोंद झाली. दिग्दर्शक होते लान्स सिव्हकिंग. नाटक निवडण्यामागचं मोठं कारण व्यवहारी होतं : पात्रं मोजकी आणि हालचाल जवळजवळ नाहीच.

बेअर्ड यांच्या यंत्रणेत चित्र अवघ्या ३० रेषांचं, उभट आणि अरुंद असे. त्यात एका वेळी एक चेहरा मावे. नट अंधारात बसे आणि प्रकाशाची बारीक तिरीप त्याच्या चेहऱ्यावरून भरभर फिरत राही. एकाचं बोलणं संपून दुसऱ्याचा चेहरा दाखवायची वेळ आली, की चौकटी रंगवलेली एक फळी मधे सरकवत. घरी पाहणाऱ्याला चौकटी दिसत. फळीमागे पहिला नट उठे, दुसरा त्याच जागी येऊन बसे, आणि फळी बाजूला होई. आवाज चालूच असल्यामुळे ही अदलाबदल खुर्चीची करकरही न होता व्हायला हवी होती.

थेट प्रक्षेपित होणाऱ्या टीव्ही नाटकाचा सगळा इतिहास मला त्या फळीमागच्या काही सेकंदांत दिसतो. सिनेमावाला आज दिवाणखान्यातला प्रसंग चित्रित करतो आणि महिन्यानं रेल्वे स्टेशनातला. जोडणी नंतर होते. रंगभूमीवर अंक संपला की पडदा पडतो, प्रेक्षक चहाला जातात. थेट नाटकाला या दोन्ही सोयी नव्हत्या. प्रेक्षक लाखो, प्रत्येक जण आपापल्या घरात, आणि पडदा कोरा ठेवला तर त्याला वाटणार की यंत्र बिघडलं. दिवाणखान्यातला नट पुढच्या क्षणी ओव्हरकोट घालून फलाटावर उभा दिसायला हवा. तो तिथे पोहोचेपर्यंतचा वेळ कोणी आणि कशानं भरायचा? या एका प्रश्नाची उत्तरं शोधताना एका कलेचं व्याकरण तयार झालं. गरज संपल्यावरही ते टिकून राहिलं.

प्रश्न जुना होता. आपल्याकडच्या संगीत नाटकांत तो रस्त्याच्या पडद्यानं सोडवला जाई. रंगमंचाच्या पुढच्या भागात रंगवलेला रस्ता सोडायचा, त्याच्यासमोर दोन दुय्यम पात्रांचा विनोदी प्रवेश लावायचा, आणि तेवढ्यात मागे महाल किंवा दरबार उभा करायचा. पारशी रंगभूमीवर हीच युक्ती होती आणि लंडनच्या नाटकगृहांतही. त्या पुढच्या प्रवेशांमध्ये मराठी नाटककारांनी रंगत भरली, नटांनी त्यांत नाव कमावलं. मागे खिळे ठोकले जात असताना पुढे प्रेक्षकाला गुंतवून ठेवणं हे हलकं काम नव्हतं. टेलिव्हिजनला मात्र ही सगळी वाट पुन्हा पहिल्यापासून शोधावी लागली, कारण त्याच्याकडे पुढचा रंगमंच आणि मागचा रंगमंच असा भेदच नव्हता. कॅमेरा जिथे पाहील तोच रंगमंच.

लाँग एकरच्या दोन वर्षं आधी अमेरिकेत याच प्रश्नाचं वेगळं उत्तर निघालं होतं. ११ सप्टेंबर १९२८ला न्यू यॉर्क राज्यातल्या स्केनेक्टडी गावी जनरल इलेक्ट्रिक कंपनीच्या प्रायोगिक केंद्रावरून ‘द क्वीन्स मेसेंजर’ ही एकांकिका प्रक्षेपित झाली. पात्रं दोनच. इझेटा ज्युएल आणि मॉरिस रँडल हे नट आपापल्या कॅमेऱ्यासमोर बसले. कॅमेरा जागचा हलत नव्हता आणि चेहऱ्याएवढ्याच भागावर त्याची नजर ठरे. मग पात्रानं पेला उचलायचा कसा? त्यासाठी तिसरा कॅमेरा लावला आणि त्याच्यापुढे आणखी दोन माणसं बसवली, फक्त हातांसाठी. चेहरा एकाचा, हात दुसऱ्याचे, आणि ते जुळवणारे दिग्दर्शक मॉर्टिमर स्ट्युअर्ट. त्यांच्या हाताशी बटणांची एक पेटी होती. ते एक चित्र विझवत दुसरं उजळवत. आजच्या कुठल्याही स्टुडिओच्या कंट्रोल रूममध्ये कॅमेऱ्यांची चित्रं बदलणारा व्हिजन मिक्सर जिथे बसतो, त्या जागेचा मूळपुरुष म्हणजे ही पेटी. पडदा तीन इंचांच्या आसपासचा. पाहणारे बहुतेक अभियंते आणि पत्रकार. पण एका कॅमेऱ्यावरून दुसऱ्यावर जाताना पहिल्यासमोरचा माणूस मोकळा होतो, हे गुपित त्या दिवशी हाती लागलं.

२ नोव्हेंबर १९३६ला बीबीसीनं उत्तर लंडनमधल्या टेकडीवरच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून नियमित सेवा सुरू केली. सुरुवातीला बेअर्ड यांची २४० रेषांची आणि मार्कोनी-ईएमआयची ४०५ रेषांची अशा दोन यंत्रणा आलटून पालटून चालत. काही महिन्यांत दुसरी जिंकली. स्टुडिओ दोन, प्रत्येक साधारण ७० फूट लांब आणि ३० फूट रुंद. एवढ्या जागेत तीन-चार सेट, कॅमेरे, दिवे, आवाजाचे बूम आणि माणसं. एका भिंतीला टेकून दिवाणखाना, तिच्या पाठीला पाठ लावून कचेरी, कोपऱ्यात जिना. नट एका सेटवरून दुसऱ्यावर जाताना दिव्यांच्या तारा ओलांडत, भिंतींच्या मागून, चवड्यांवर चालत जाई.

११ नोव्हेंबर १९३७ला, युद्धविरामाच्या स्मृतिदिनी, जॉर्ज मोर ओफेरॉल यांनी आर. सी. शेरिफ यांचं ‘जर्नीज एंड’ सादर केलं. पहिल्या महायुद्धातल्या खंदकाचं हे नाटक एकाच भुयारात घडतं, म्हणून स्टुडिओला ते झेपण्यासारखं होतं. पण ओफेरॉल तेवढ्यावर थांबले नाहीत. लढाईची दृश्यं त्यांनी पाब्स्ट यांच्या ‘वेस्टफ्रंट १९१८’ या जर्मन चित्रपटातून घेतली आणि नाटक चालू असतानाच मधे सोडली. प्रेक्षकाला रणांगण दिसलं, आणि ते दिसत होतं तेवढा वेळ स्टुडिओतल्या माणसांना श्वास घ्यायला मिळाला. थेट नाटकाच्या पोटात सिनेमाचा तुकडा बसवण्याची ही रीत पुढे फार कामाला आली. त्या काळी दुसऱ्यांदा दाखवणं म्हणजे दुसऱ्यांदा करणं. आठवड्यात नाटक पुन्हा लागलं, की सगळा संच पुन्हा रंग लावून उभा. सप्टेंबर १९३९ला युद्धामुळे सेवा बंद पडली. तोवर लंडनच्या आसपास सुमारे २० हजार संच होते.

युद्धानंतरच्या बीबीसीत ही रीत कोणी पराकोटीला नेली असेल तर रुडॉल्फ कार्टियर यांनी. जन्म व्हिएन्नाचा, धडे जर्मन चित्रपटसृष्टीचे, आणि हिटलर सत्तेवर आल्यावर देश सोडून आलेले. त्यांना टेलिव्हिजनवरची नाटकं कोंदट वाटत. लेखक नायजेल नील यांनाही तसंच वाटे. दोघांनी मिळून १९५३च्या उन्हाळ्यात ‘द क्वाटरमास एक्सपेरिमेंट’ ही सहा भागांची विज्ञानमालिका अलेक्झांड्रा पॅलेसमधून, युद्धापूर्वीच्या म्हाताऱ्या कॅमेऱ्यांवर, थेट सादर केली. अवकाशातून परतलेला माणूस हळूहळू एका अजस्र वनस्पतीत बदलत जातो आणि शेवटच्या भागात वेस्टमिन्स्टर ॲबीच्या आत पसरतो, असं कथानक. पैसे नव्हते. नील यांनी आणि पुढे त्यांची पत्नी झालेल्या ज्युडिथ कर यांनी हातमोज्यांवर पालापाचोळा चिकटवून राक्षस बनवला. ॲबीच्या अंतर्भागाचा मोठा केलेला फोटो उभा केला, त्याला भोकं पाडली, आणि त्यांतून स्वतः नील यांनी हात घालून बोटं हलवली. लेखकाचे हात, थेट, लाखोंसमोर. मला ही घटना टेलिव्हिजनच्या इतिहासातल्या सर्वांत सुंदर घटनांपैकी एक वाटते. स्केनेक्टडीत हातांसाठी वेगळी माणसं लागली होती. इथे लेखकच त्या कामाला लागला, आणि लोक खरोखर घाबरले.

पुढच्या वर्षी, १२ डिसेंबर १९५४च्या रविवारी, याच जोडीनं लाइम ग्रोव्ह स्टुडिओतून जॉर्ज ऑर्वेलच्या ‘नाइन्टीन एटी-फोर’चं रूपांतर सादर केलं. नायक विन्स्टनच्या भूमिकेत पीटर कुशिंग. जवळपास दोन तासांचं नाटक, डझनावारी ठिकाणं, आणि नायक जवळजवळ प्रत्येक प्रवेशात. म्हणजे दोन प्रवेशांमधला सांधा दर काही मिनिटांनी येणार, आणि प्रत्येक सांध्यात एकाच माणसाची धावपळ. कार्टियर यांनी त्याआधीच काही दृश्यं चित्रपटाच्या फितीवर टिपून ठेवली होती. विन्स्टन गरिबांच्या वस्तीतून चालला आहे, हे प्रेक्षक पाहत असताना खरा कुशिंग स्टुडिओत कपडे बदलून पुढच्या सेटवर पोहोचत असे. पार्श्वसंगीतसुद्धा थेट : वाद्यवृंद वेगळ्या स्टुडिओत मॉनिटरकडे डोळे लावून बसलेला. फीत किती सेकंदांची हवी, हे ठरवायला कथा पुरेशी नव्हती. कुशिंगला या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात जायला किती वेळ लागतो, हेही मोजावं लागे. आज आपण ती फिरती दृश्यं पाहताना म्हणतो की कथेला मोकळी हवा मिळाली. मिळालीच, पण तिच्या मागे एक माणूस घामाघूम होऊन शर्टाची बटणं लावत होता.

नाटकातल्या छळाच्या दृश्यांवरून गहजब झाला, संसदेत विषय निघाला, दुसरा प्रयोग रद्द करा अशी मागणी झाली. बीबीसी बधली नाही. गुरुवारी, १६ डिसेंबरला, सगळं पुन्हा पहिल्यापासून झालं. आज आपल्याला पाहायला मिळतो तो हा दुसरा प्रयोग. मॉनिटरसमोर सिनेमाचा कॅमेरा लावून तो टिपून ठेवला म्हणून. पहिला हवेत विरला.

अमेरिकेत याच सांध्याला वेगळा धनी मिळाला. ७ मे १९४७ला एनबीसीवर ‘क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर’ सुरू झालं. चीज विकणाऱ्या कंपनीसाठी जाहिरात संस्थेनं चालवलेलं, दर आठवड्याला एक नवं नाटक. अंक संपला की जाहिरात. तीही थेट, त्याच स्टुडिओच्या एका कोपऱ्यातून. पडद्यावर फक्त दोन हात दिसत, चीज किसणारे, पावावर लावणारे, आणि एड हर्लिही यांचा आवाज कृती सांगे. ते हात काम करत असताना पाच-दहा पावलांवर नायिकेच्या पाठीची हुकं लावली जात, केसांतल्या पिना काढल्या जात, सेटच्या भिंती सरकत. जाहिरात म्हणजे रसभंग, ही आजची तक्रार मला पूर्ण मान्य आहे. तरी त्या काळच्या नटांसाठी ती विश्रांती होती, आणि लेखक अंकाचा शेवट तिच्याकडे पाहूनच बांधत. प्रसंगाला टोक आणायचं आणि सोडायचं. मालिकांमधलं ब्रेकच्या तोंडाशी ताणलेलं वळण या व्यवहारातून आलेलं आहे.

जाहिरात येणार अंकाच्या शेवटी. अंकातल्या अंकात काय करायचं? इथे कारागिरी सुरू होते. नटाला एकावर एक कपडे चढवायचे. वरचा कोट उतरवला की आत दुसऱ्या दिवसाचा पोशाख तयार. प्रवेशाचं शेवटचं वाक्य दुय्यम पात्राला द्यायचं, म्हणजे कॅमेरा त्याच्यावर असताना नायक निसटू शकतो. पुढचा प्रवेश एखाद्या वस्तूवर उघडायचा : टेबलावरचं पत्र, भिंतीवरचं घड्याळ, राखदाणीत धुमसणारी सिगारेट. घड्याळावरून कॅमेरा हळूहळू मागे येतो आणि नायक खुर्चीत बसलेला दिसतो. दोन सेकंदांपूर्वी ती खुर्ची रिकामी होती. टेलिफोनचा प्रवेश तर या धंद्यातला देवमाणूसच. दोन सेट, दोन कॅमेरे, दोघं आपापल्या जागी. बोलणाऱ्यावर कॅमेरा असेल तेव्हा ऐकणाऱ्यानं काय वाटेल ते करावं.

तालमी भाड्याच्या हॉलमध्ये होत. जमिनीवर रंगीत पट्ट्या चिकटवून भिंती, दारं, जिने आखलेले असत. नट दहा-बारा दिवस हवेतल्या दारांतून ये-जा करत. खऱ्या सेटवर, खऱ्या कॅमेऱ्यांसह तालीम मिळे ती अगदी शेवटी, दीड-दोन दिवस. तेव्हा कळायचं की कॅमेऱ्याची केबल जिन्याच्या पायथ्याशी अडकते आहे. हाताएवढ्या जाड केबली कॅमेऱ्यांच्या मागून फरफटत असत. एका कॅमेऱ्यानं दुसऱ्याची केबल ओलांडली की गुंता, आणि गुंता म्हणजे पुढच्या प्रवेशाला एक डोळा कमी. म्हणून दिग्दर्शक आधी कागदावर स्टुडिओचा नकाशा काढून प्रत्येक कॅमेऱ्याच्या वाटा आखत. झूम भिंग फारसं वापरात नव्हतं. कॅमेऱ्याच्या तोंडाशी चार भिंगांची फिरकी असे, आणि ती फिरवायला कॅमेरामनला दुसऱ्या कॅमेऱ्याचं चित्र चालू असतानाचा क्षण लागे. त्यालाही त्याचा सांधा हवा होता.

फ्लोअर मॅनेजर कानाला हेडफोन लावून सेटच्या कडेला उभा. तो बोलू शकत नाही, म्हणून खुणांची भाषा : दोन्ही हात ताणले की लांबव, बोट गोल फिरवलं की आटप. कंट्रोल रूममध्ये दिग्दर्शकाशेजारी कोणीतरी स्टॉपवॉच घेऊन बसे. संहितेत शेवटाजवळचा एखादा छोटा प्रवेश खूण करून ठेवलेला असे. नाटक लांबलं तर तो गाळायचा, आखडलं तर घ्यायचा. ज्या नटाच्या वाट्याला तो प्रवेश आला, त्यानं पूर्ण तयारी करून उभं राहायचं आणि आपली पाळी येणार की नाही हे शेवटच्या मिनिटाला कळायचं.

या कोंडीतूनच एक खास वाङ्मय जन्मलं, असं मला वाटतं. २४ मे १९५३ला एनबीसीवर पॅडी चायेफ्स्की यांचं ‘मार्टी’ झालं. ब्राँक्समधला लग्न न जमलेला एक खाटीक, त्याची आई, त्याचे मित्र, एक साधी शिक्षिका. दिग्दर्शक डेल्बर्ट मान, नायक रॉड स्टायगर. घोडदौड, गर्दी, वादळ यांना जागाच नव्हती. जागा होती ती स्वयंपाकघराला, हॉटेलातल्या टेबलाला आणि चेहऱ्याला. मोठ्या दृश्यांची वाट बंद झाल्यावर लेखक माणसाच्या जवळ सरकले. दोन वर्षांनी त्याच कथेवर आलेल्या चित्रपटाला पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं.

२० सप्टेंबर १९५४ला सीबीएसच्या ‘स्टुडिओ वन’मध्ये रेजिनाल्ड रोझ यांचं ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’ आलं. बारा ज्युरर, एक खोली, एक खटला. सांध्याच्या प्रश्नाचं सर्वांत धीट उत्तर इथे आहे : सांधाच ठेवायचा नाही. कोणी कुठे जात नाही, वेळ उडी मारत नाही, कपडे बदलत नाहीत. दिग्दर्शक फ्रँकलिन शॅफ्नर यांच्यापुढे उरला तो कॅमेऱ्यांचा प्रश्न, कारण बारा माणसं टेबलाभोवती बसली की कोणाची तरी पाठ येणारच. त्यावर उपाय म्हणजे सरकत्या भिंती. १९५७ला सिडनी लूमेट यांनी त्यावर चित्रपट केला. १९८६ला बासू चटर्जींनी ‘एक रुका हुआ फैसला’ हिंदीत आणला आणि पंकज कपूर, अन्नू कपूर, के. के. रैना ही नावं आपल्या घराघरांत त्या बंद खोलीसकट पोहोचली. चटर्जींच्या हाताशी चित्रपटाची सगळी मोकळीक होती. तरी ती खोली तशीच राहिली. न्यू यॉर्कच्या स्टुडिओतली अडचण तोवर नाट्याचा प्राण झाली होती.

मूळ थेट प्रयोगाची पूर्ण फीत मात्र कित्येक वर्षं बेपत्ता होती. ती सापडली २००३ला.

लोकांना एखादं नाटक पुन्हा पाहायचं असेल तर? १२ जानेवारी १९५५ला ‘क्राफ्ट’मध्ये रॉड सर्लिंग यांचं ‘पॅटर्न्स’ झालं आणि एवढं गाजलं की ९ फेब्रुवारीला तेच नाटक पुन्हा उभं करावं लागलं. मॉनिटरसमोर सिनेमाचा कॅमेरा लावून काढलेल्या फितीला अमेरिकेत किनेस्कोप म्हणत. चित्र धुरकट, कडा पसरलेल्या. पश्चिम किनाऱ्यावर तीन तास उशिरा दाखवायला ती चाले.

आणि सांधा फाटला तर? ३० नोव्हेंबर १९५८. मँचेस्टरच्या डिड्सबरी स्टुडिओतून एबीसी कंपनीच्या ‘आर्मचेअर थिएटर’मध्ये ‘अंडरग्राउंड’ हे नाटक थेट चालू होतं. लंडनवर बॉम्ब पडल्यानंतर भुयारी रेल्वेत अडकलेल्या माणसांची गोष्ट. दिग्दर्शक टेड कोचेफ, निर्माते सिडनी न्यूमन. गॅरेथ जोन्स हा ३३ वर्षांचा नट आपल्या दोन प्रवेशांच्या मधे, कॅमेऱ्याबाहेर असताना, कोसळला आणि मरण पावला. त्याच्या पात्राला नाटकात पुढे हृदयविकाराचा झटका यायचा होता.

नाटक थांबवता येत नव्हतं. सेटवरच्या नटांना समोरून येणारा माणूस आला नाही एवढंच दिसलं. त्यांनी त्याची वाक्यं आपसांत वाटून घेतली, त्याच्या नावानं निरोप दिले, त्याच्याकडून कळायच्या गोष्टी एकमेकांकडून कळवल्या. मधल्या जाहिरातींच्या वेळात कोचेफ यांनी उरलेला भाग बदलून बसवला. आखलेले शॉट सोडून कॅमेऱ्यांनी सामन्यासारखं जे घडेल त्याच्या मागे जायचं, असं ठरलं. नाटक शेवटाला गेलं. थेट नाटकाच्या गोड आठवणी सांगणाऱ्यांनी ही रात्र वगळू नये, असं मला मनापासून वाटतं. इतर वेळी ज्या सेकंदांत नट कोट बदलतो, त्या सेकंदांत एक माणूस गेला, आणि त्याच्या सोबत्यांना तोंडावरची रेषाही न हलवता पुढचं वाक्य म्हणावं लागलं. ही व्यवस्था माणसांकडून किती काढून घेत होती, हे दुसऱ्या कुठल्याही प्रसंगापेक्षा इथे स्पष्ट दिसतं.

तोवर तिचे दिवस भरत आले होते. १४ एप्रिल १९५६ला शिकागोत अँपेक्स कंपनीनं दोन इंच रुंद चुंबकीय फितीवर चित्र टिपणारं यंत्र दाखवलं. त्याच वर्षी ३० नोव्हेंबरला सीबीएसनं त्यावरून पहिलं प्रक्षेपण केलं, बातम्यांचं. आता नाटक आधी करून ठेवता येणार होतं. पण फीत कापणं भलतं कठीण. सिनेमाच्या फितीवर चित्र डोळ्यांना दिसतं. या फितीवर काहीच दिसत नाही. लोहकणांचं द्रावण लावून चुंबकीय रेषा उमटवायच्या, सूक्ष्मदर्शकाखाली जागा शोधायची आणि पात्यानं छेद द्यायचा. कापलेली महागडी फीत पुन्हा वापरायला निकामी. त्यामुळे नाटकं फितीवर गेली तरी होत राहिली थेट असल्यासारखीच : सुरुवातीपासून शेवटपर्यंत, क्रमानं, शक्य तितकं न थांबता. १९६३ला बीबीसीची ‘डॉक्टर हू’ लाइम ग्रोव्हमध्ये याच पद्धतीनं सुरू झाली. तिच्या जुन्या भागांत नट अडखळतात, भिंत थरथरते, आणि ते तसंच राहिलं आहे, कारण एवढ्यासाठी थांबणं परवडत नव्हतं. थेट नाटक संपल्यावरही त्याच्या सवयी निदान एक पिढी स्टुडिओत वावरत होत्या.

त्या सवयी आपल्याकडेही आल्या. दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ला टेलिव्हिजन सुरू झालं ते आठवड्यातून दोनदा, थोडा वेळ, प्रयोग म्हणून. तिथल्या पहिल्या निर्मात्यांत पु. ल. देशपांडे होते. त्यासाठी त्यांनी लंडनला बीबीसीत प्रशिक्षण घेतलं, आणि त्याच प्रवासातून ‘अपूर्वाई’ आलं. मराठी वाचकाला त्या पुस्तकातलं लंडन पाठ आहे. ज्या बीबीसीत पु. ल. शिकत होते, तिथली बहुतेक नाटकं त्या वर्षांत थेटच जात. मुंबई केंद्र वरळीत २ ऑक्टोबर १९७२ला उघडलं, तोवर चित्रफीत जगभर रुळली होती. पण सेटभोवती अनेक कॅमेरे, काचेपलीकडे कंट्रोल रूम, खुणा करणारा फ्लोअर मॅनेजर, सलग म्हटले जाणारे प्रवेश, ही सगळी मांडणी थेट नाटकाचीच देणगी होती. ‘चिमणराव’ मालिकेतले दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे रंगभूमीवरून आले, प्रवेश न तुटता पेलण्याची सवय त्यांना होतीच.

आज आपल्या मालिकांत प्रवेश संपताना कॅमेरा चेहऱ्यावर रेंगाळतो. त्यामागे उत्कंठा आहे, भागाची लांबी भरण्याची निकडही आहे. तरी मला त्यात तो जुना धागा दिसतो : कोणीतरी निघून जाईपर्यंत दुसऱ्या कोणाच्या तरी डोळ्यांत पाहत राहायचं.

गरज सरल्यावर थेट नाटक अधूनमधून परतलं, सोहळा म्हणून किंवा धाडस म्हणून. २५ सप्टेंबर १९९७ला ‘ई.आर.’ या अमेरिकी मालिकेचा एक भाग पूर्व आणि पश्चिम किनाऱ्यांसाठी एकाच रात्री दोनदा थेट झाला. ९ एप्रिल २०००ला जॉर्ज क्लूनी यांच्या पुढाकारानं सीबीएसनं ‘फेल सेफ’ कृष्णधवल रंगात थेट दाखवलं. मँचेस्टरच्या ‘कोरोनेशन स्ट्रीट’ या मालिकेचा पहिला भाग ९ डिसेंबर १९६०ला थेट गेला होता, म्हणून तिच्या चाळिसाव्या आणि पन्नासाव्या वाढदिवसालाही तसंच करण्यात आलं. बीबीसीच्या ‘ईस्टएंडर्स’ मालिकेच्या फेब्रुवारी २०१५मधल्या थेट भागात एका अभिनेत्रीच्या तोंडून पात्राच्या नावाऐवजी ते पात्र करणाऱ्या नटाचं खरं नाव निघालं आणि रात्रभर देशात त्याचीच चर्चा झाली.

यांतलं मला सर्वांत बोलकं वाटतं ते २ एप्रिल २००५चं. बीबीसी फोरनं ‘द क्वाटरमास एक्सपेरिमेंट’ पुन्हा थेट केलं. १९५३च्या सहा भागांपैकी टिपले गेले होते पहिले दोनच; बाकीचे चार कोणालाच कधी पाहता येणार नव्हते. नवी संहिता नील यांच्या मूळ लेखनावरून बेतली होती. जेसन फ्लेमिंग, मार्क गॅटिस, डेव्हिड टेनंट असे नट, खांद्यावर घेऊन पळता येतील असे हलके कॅमेरे, केबलींचा गुंता नाही. वेस्टमिन्स्टर ॲबीऐवजी टेट मॉडर्न, आणि राक्षस दाखवायचाच नाही असं ठरलेलं. पोप जॉन पॉल दुसरे यांचं निधन त्याच रात्री झालं आणि नाटक चालू असताना पडद्यावर बातम्यांकडे वळवणारी पट्टी आली. नट काही वाक्यांत अडखळले, तरी काही कोसळलं नाही. पण सगळे भरभर गेले. दोन तासांचा वेळ राखून ठेवलेलं नाटक सुमारे २० मिनिटं आधी संपलं, आणि उरलेला वेळ वाहिनीला दुसऱ्या कशानं तरी भरावा लागला.